कुंडीतला वाटाणा आणि कथेविना सिनेमा

१.
१९१२ साली मुंबईत बेचाळीस वर्षांच्या एका गृहस्थाने कुंडीत वाटाण्याचा दाणा पेरला आणि कुंडीसमोर कॅमेरा रोवला. महिनाभराहून अधिक काळ त्या एकाच कुंडीची चित्रे घेतली गेली. त्यातून मिनिटाहून किंचित मोठी चित्रफीत तयार झाली. तिच्यात नायक नव्हता, खलनायक नव्हता, संवाद तर त्या काळी शक्यच नव्हते. दाणा फुगला, अंकुर आला, वेल चढली, संपले. चित्रफितीचे नाव ‘अंकुराची वाढ’. गृहस्थांचे नाव धुंडिराज गोविंद फाळके.

२.
दादासाहेब फाळके म्हटले की ‘राजा हरिश्चंद्र’ आठवतो आणि ते रास्तच आहे. परंतु हरिश्चंद्राच्या आधी हा वाटाणा होता, आणि वाटाणा नसता तर हरिश्चंद्रासाठी पैसे उभे राहिले असते की नाही, हा प्रश्नच आहे. आज ज्याला प्रायोगिक लघुपट म्हणतात, म्हणजे कथानकाचा आधार न घेता केवळ दृश्य, गती आणि काळ यांवर उभा असलेला सिनेमा, त्याचे मूळ शोधायला बहुतेक जण पॅरिसला जातात. हा धागा गिरगावात सुरू होतो आणि पेडर रोडपर्यंत जातो.

३.
आधी जागा पाहू. ठाकुरद्वार आणि काळबादेवी यांच्या मधल्या भागात फणसवाडी आहे. आसपासची नावे एकापाठोपाठ वाचली तर बाजारहाटाची यादी वाटावी: आंबेवाडी, केळेवाडी, कांदेवाडी, मुगभाट, बोरभाट. वाडी आणि भाट हे बागायत जमिनीचे शब्द. गिरगाव एकेकाळी झाडांचे आणि मळ्यांचे गाव होते, याची साक्ष आज ही नावेच देतात. फणसवाडीत आता व्यंकटेशाचे देऊळ आहे, चाळी आहेत, दुकाने आणि हातगाड्या आहेत. फणस नावात उरला.

४.
वाडीची चाळ होताना कोणी पाहिले? खरे तर सर्वांनी पाहिले आणि कोणीच पाहिले नाही. एक झाड पडले, एक भिंत उभी राहिली, पुढच्या वर्षी आणखी एक. रोज त्याच वाटेने जाणाऱ्या माणसाला बदल दिसत नाही, कारण बदलाचा वेग डोळ्याच्या आवाक्याखाली असतो. अंकुराचेही तसेच. वाटाणा वाढतो हे सर्वांना ठाऊक असते. वाटाणा वाढताना मात्र कोणाला दिसत नाही. फाळक्यांनी कॅमेऱ्याला पहिले काम दिले ते नेमके हे.

५.
त्याआधीचा सिनेमाही कथेचा नव्हता. ७ जुलै १८९६ रोजी काळा घोड्याजवळच्या वॉटसन हॉटेलात ल्युमिएर बंधूंच्या प्रतिनिधीने मुंबईला पहिल्यांदा हलती चित्रे दाखवली. तिकीट एक रुपया, चित्रे सहा. आगगाडी फलाटावर येते, कामगार कारखान्यातून बाहेर पडतात, माणसे समुद्रात डुंबतात. प्रत्येक चित्र मिनिटभराच्या आतबाहेर. गाडीतून कोण उतरले आणि त्याचे पुढे काय झाले, हे कोणी विचारले नाही. पांढऱ्या पडद्यावर गाडी हलली, एवढे पुरे होते.

६.
तो चमत्कार पाहून कॅमेरा विकत घेणाऱ्यांत हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर होते. मुंबई त्यांना सावे दादा म्हणून ओळखते. त्यांनी इंग्लंडहून कॅमेरा मागवला आणि १८९९ साली हँगिंग गार्डनमध्ये कुस्ती चित्रित केली. त्यानंतर माकडे आणि त्यांना शिकवणारा माणूस यांचे चित्रण केले. डिसेंबर १९०१मध्ये रँग्लर परांजपे केंब्रिजहून परतले, तेव्हा त्यांच्या स्वागताची दृश्ये टिपली. कुस्ती, माकड, स्वागत: तिन्ही जे घडत होते तेच. सांगितलेले काही नाही, दाखवलेले सगळे.

७.
१९११च्या सुमारास गिरगावातल्या अमेरिका इंडिया पिक्चर पॅलेसमध्ये फाळके आपला मुलगा भालचंद्र याला घेऊन गेले. पडद्यावर जनावरे पाहून मुलगा थक्क झाला. घरी आईला सांगितले तर कोणाचा विश्वास बसेना. म्हणून फाळक्यांनी सगळ्या घराला नेले. तेव्हा पडद्यावर होते ख्रिस्ताचे जीवन. त्याच्या जागी राम आणि कृष्ण का दिसू नयेत, या विचाराने फाळक्यांना पछाडले, ही हकिगत सर्वांना पाठ आहे. तिच्यातला पहिला भाग मात्र गाळला जातो: घराण्याला चित्रपटाकडे ओढून नेले ते जनावरांनी, कथेने नव्हे.

८.
यानंतरचे वर्ष वेडाचे होते. फाळक्यांनी परदेशातून पुस्तके, सूचिपत्रे आणि उपकरणे मागवली. एक छोटा कॅमेरा आणि काही रिळे घेऊन ते रात्री मेणबत्तीच्या उजेडात भिंतीवर चित्रे पाडत. संध्याकाळचे चार-पाच तास चित्रपट पाहण्यात जात. जागरणाने प्रकृती ढासळली, दोन्ही डोळ्यांवर परिणाम झाला आणि काही काळ दृष्टी पूर्ण गेली. डॉ. प्रभाकर यांच्या उपचारांनी आणि तीन-चार चष्म्यांच्या आधाराने ती परत आली. पुढे महिनाभर एका कुंडीकडे पाहत बसणारे डोळे हे होते.

९.
पैशाचे काय? बारा हजार रुपयांच्या विमा पॉलिसी गहाण टाकून दहा हजार रुपये उभे केले आणि १ फेब्रुवारी १९१२ रोजी फाळके लंडनला निघाले. तिथे ‘बायस्कोप’ साप्ताहिकाच्या संपादकांनी त्यांना आधी परावृत्त करण्याचा प्रयत्न केला आणि मग मदत केली. सेसिल हेपवर्थ यांच्या वॉल्टन येथील स्टुडिओत काम पाहायला मिळाले. पन्नास पौंडांना विल्यमसन कॅमेरा घेतला. कोडॅकची कोरी फिल्म आणि भोके पाडण्याचे यंत्र यांची मागणी नोंदवली. १ एप्रिलला ते मुंबईत परतले.

१०.
भोके पाडण्याचे यंत्र कशाला, असा प्रश्न आजच्या वाचकाला पडेल. फिल्म कडांना भोके नसलेली येत असे. कॅमेऱ्यातील दाते त्या भोकांत अडकून फिल्म पुढे ओढतात. भोके समान अंतरावर नसतील तर चित्र पडद्यावर थरथरते. हे काम अंधारात, हाताच्या अंदाजाने करावे लागे. ते सरस्वतीबाई फाळके शिकल्या. फिल्म धुण्याची रसायनेही त्या हाताळू लागल्या. भारतीय चित्रपटाचे पहिले तंत्रज्ञ कोण, याचे उत्तर देताना या माजघरातल्या अंधाऱ्या खोलीकडे पाहावे लागते.

११.
यंत्रे आली, जोडली गेली, चालूही झाली. प्रश्न उरला तो भांडवलाचा. कर्ज देणाऱ्याला कागदावरच्या योजनेत रस नसतो. त्याला काहीतरी दाखवावे लागते. नट नव्हते, पोशाख नव्हते, नेपथ्य नव्हते. वाटाणा होता. त्याला मेहनताना लागत नव्हता, तो चित्रीकरणाला उशिरा येत नव्हता, आणि घराच्या कोणत्याही उजेडाच्या कोपऱ्यात मावत होता. ‘अंकुराची वाढ’ गरिबीतून जन्मली. पुढच्या शंभर वर्षांतल्या अनेक प्रायोगिक लघुपटांचे जन्मरहस्य याहून वेगळे नाही.

१२.
आता एक हिशेब. ही हकिगत सांगताना बहुतेक ठिकाणी म्हटले जाते की फाळके रोज एक चित्र घेत. मूकपटाच्या काळी साधारणपणे सेकंदाला सोळा चित्रे पडद्यावरून जात. एका मिनिटाला झाली ९६०. रोज एकच चित्र घेतले तर तीस दिवसांत तीस चित्रे होतात आणि ती दोन सेकंदांत संपतात. पंचेचाळीस दिवस धरले तरी तीन सेकंद पुरे होत नाहीत. चित्रफीत मिनिटाहून मोठी होती, हे खरे मानले तर रोज एकच चित्र हे खरे असू शकत नाही.

१३.
उलट गणित करू. ९६० चित्रे तीस दिवसांत विभागली तर रोज बत्तीस. पंचेचाळीस दिवसांत विभागली तर रोज एकवीस-बावीस. म्हणजे उजेड असेपर्यंत दर अर्ध्या तासाला, किंवा त्याहूनही लवकर, कोणीतरी कॅमेऱ्याशी जायचे, हाताने दांडा तेवढाच फिरवायचा, आणि तिवईला धक्का न लावता मागे यायचे. ढग आले तर उजेड बदलणार. खिडकीतून वारा आला तर पान हलणार. मूल धावत आले तर सगळेच जाणार. ‘रोज एक चित्र’ या दंतकथेत फाळके एखाद्या ऋषीसारखे दिसतात. हिशेबात ते कष्टकरी दिसतात.

१४.
पडद्यावर काय दिसले असेल, याची कल्पना वनस्पतिशास्त्रावरून करता येते. वाटाण्याच्या वेलीचे प्रताने, म्हणजे टोकाचे तंतू, आधार शोधत हवेत हळूहळू गोल फिरतात. काडी लागली की तिला विळखा घालतात. नुसत्या डोळ्यांना ही हालचाल जाणवत नाही. तास मिनिटात दाबले की तेच तंतू आंधळ्याने हात पुढे करून चाचपडावे तसे चाचपडताना दिसतात. ज्यांनी आयुष्यभर वाटाण्याची उसळ खाल्ली, त्यांना वाटाणा जिवंत असल्याचे त्या दिवशी कळले असेल.

१५.
ही चित्रफीत निवडक लोकांना दाखवली गेली. त्यांपैकी यशवंतराव नाडकर्णी आणि नारायणराव देवहारे यांनी कर्ज देऊ केले. सरस्वतीबाईंचे दागिनेही गहाण पडले. पुढे दादरच्या मुख्य रस्त्यावर, आज जो दादासाहेब फाळके मार्ग म्हणून ओळखला जातो तिथे, ‘राजा हरिश्चंद्र’चे चित्रीकरण झाले आणि ३ मे १९१३ रोजी तो कॉरोनेशन थिएटरात झळकला. विमा पॉलिसी, दागिने आणि वाटाणा: भारतीय कथापटाचे तारण हे तीन.

१६.
इथे दोन गोष्टी नोंदवायला हव्यात. दादासाहेब तोरणे यांचा ‘पुंडलिक’ १८ मे १९१२ रोजी प्रदर्शित झाला होता. तो नाटकाचे चित्रण होता आणि पहिलेपणाचा वाद त्यावरून आजही होतो. दुसरे, वनस्पतीची वाढ फिल्मवर उतरवणारे फाळके जगातले पहिले नव्हेत. जर्मन वनस्पतिशास्त्रज्ञ विल्हेल्म फेफर यांनी एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस ते प्रयोगशाळेत केले होते, आणि पर्सी स्मिथ यांचा ‘द बर्थ ऑफ अ फ्लॉवर’ १९१०चा. फेफर यांना विज्ञान हवे होते, स्मिथ यांना प्रेक्षक. फाळक्यांना सावकाराची खात्री पटवायची होती.

१७.
मराठीत ‘प्रयोग’ हा शब्द मजेदार आहे. शास्त्रज्ञ प्रयोग करतो आणि नाटक मंडळीही प्रयोग करते. एकाला निष्पत्ती आधी ठाऊक नसते, दुसऱ्याला ती पाठ असते. फाळके दोन्ही अर्थांनी प्रयोग करणारे होते, कारण ते जादूगारही होते. ‘फाळके’ उलटे करून त्यांनी ‘प्रोफेसर केळफा’ हे नाव घेतले होते. जादूगाराला कथा लागत नाही. रुमालातून कबूतर निघाले की ते कुठून आले, याची पार्श्वभूमी कोणी मागत नाही.

१८.
म्हणूनच पौराणिक चित्रपटांच्या धामधुमीतही फाळके कथेविना लघुपट करत राहिले. ‘आगकाड्यांची मौज’मध्ये काड्यापेटीतील काड्या आपोआप हलतात, एक चित्र घ्यायचे, काडी किंचित सरकवायची, पुढचे चित्र घ्यायचे. वाटाण्याचे तंत्रच, फक्त इथे वाढ माणसाच्या बोटांनी घडवलेली. ‘प्रोफेसर केळफाच्या जादू’मध्ये ते स्वतः जादू दाखवतात. १९१७च्या ‘चित्रपट कसे तयार करतात’मध्ये तर दिग्दर्शन करणारे, फिल्म तपासणारे फाळकेच पडद्यावर येतात. सिनेमाने आरशात पाहावे तसा हा लघुपट आहे, आणि त्याचे तुकडे आजही पाहता येतात.

१९.
मग कथा का जिंकली? कारण साधे आहे. मिनिटभराच्या अचंब्यावर तिकीट विकता येते. दोन तासांच्या अचंब्यावर विकता येत नाही. ‘राजा हरिश्चंद्र’ सुमारे ३७०० फूट लांबीचा, चार रिळांचा. एवढा वेळ प्रेक्षकाला खुर्चीत धरून ठेवायचे तर पुढे काय होणार, ही ओढ हवी, आणि हरिश्चंद्राची कथा तर प्रेक्षक घरून ऐकून येत. थिएटर वाढली, खर्च वाढला, कथा अनिवार्य झाली. कथेविना लघुपट मुख्य चित्रपटाच्या आधीची भर होऊन राहिले. जेवणाच्या पानात लोणच्याची जागा डावीकडे असते, तशी.

२०.
या डावीकडच्या जागेनेच पुढे एक विचित्र संधी दिली. १९४८ साली केंद्र सरकारने फिल्म्स डिव्हिजन स्थापन केले. तिथे तयार होणारे माहितीपट आणि वार्तापट मुख्य चित्रपटाआधी दाखवणे थिएटरांना सक्तीचे होते. म्हणजे गिरगावच्या मॅजेस्टिक किंवा सेंट्रलमध्ये नायक-नायिकेसाठी आलेल्या प्रेक्षकाला आधी धरण, लसीकरण आणि कुटुंबनियोजन पाहावे लागे. बहुतेक जण तेवढ्या वेळात बाहेर बटाटेवडा खात. पण सक्ती ही सक्तीच: देशातल्या सर्वांत मोठ्या प्रेक्षकवर्गाची किल्ली पेडर रोडवरच्या एका सरकारी कार्यालयात होती.

२१.
१९६०च्या दशकाच्या उत्तरार्धात त्या कार्यालयात जहांगीर भावनगरी प्रमुख सल्लागार म्हणून आले. योगायोग असा की तेही जादूगार होते. त्यांनी तरुण दिग्दर्शकांना एवढेच सांगितले असावे असे त्या काळचे काम पाहून वाटते: निवेदकाचा आवाज थोडा बंद करा. प्रमोद पती हे ओडिशातून आलेले, चेकोस्लोव्हाकियात ॲनिमेशन शिकलेले दिग्दर्शक. त्यांच्या ‘एक्सप्लोरर’मध्ये (१९६८) तरुण चेहरे, यंत्रे, देवमूर्ती आणि नाद इतक्या वेगाने आदळतात की अर्थ लावायला उसंत मिळत नाही. सरकारी शिक्का असलेली ही फिल्म होती.

२२.
पतींच्या ‘ट्रिप’मध्ये (१९७०) मुंबईचे रोजचे जीवन पिक्सिलेशनच्या तंत्राने येते. पिक्सिलेशन म्हणजे जिवंत माणसांना आणि वस्तूंना एकेका चित्राने टिपायचे आणि मधला काळ गाळायचा. ‘आबिद’मध्ये (१९७२) हेच तंत्र एका माणसावर: ‘ढब्बूजी’ आणि ‘बहादूर’चे जनक, चित्रकार आबिद सुरती. माणूस चालत नाही, सरकतो. रंग लावले जात नाहीत, उगवतात. कुंडीतला वाटाणा, काड्यापेटीतील काडी आणि आबिद सुरती: साठ वर्षांच्या अंतराने तिघेही एकाच रीतीने हलवले गेले आहेत.

२३.
चित्रकारही कॅमेऱ्याकडे वळले. उमेदीच्या काळात मुंबईत सिनेमाची पोस्टरे रंगवणाऱ्या एम. एफ. हुसेन यांनी १९६७ साली फिल्म्स डिव्हिजनसाठी ‘थ्रू द आइज ऑफ अ पेंटर’ केला. राजस्थानातली माणसे आणि वास्तू, मध्येच एक छत्री, एक कंदील, एक जोडा. निवेदन नाही, संगती लावण्याची जबाबदारी पाहणाऱ्याची. बर्लिन महोत्सवात त्याला लघुपटासाठीचे सुवर्ण अस्वल मिळाले. तैयब मेहता यांनी ‘कूडल’साठी (१९७०) वांद्र्याच्या कत्तलखान्यात चित्रण केले. त्यांच्या कॅनव्हासवरचा जखडलेला बैल ज्यांना ठाऊक आहे, त्यांना तो तिथे श्वास घेताना दिसतो.

२४.
मराठी प्रेक्षकही या काळात पाहायला शिकत होता. प्रभात चित्र मंडळ १९६८ सालचे. थिएटरात न येणारे सिनेमे दाखवायचे आणि त्यांवर वाद घालायचे, हा त्याचा उद्योग. त्याच वर्षी एस. एन. एस. शास्त्री यांनी ‘अँड आय मेक शॉर्ट फिल्म्स’ केला: लघुपट करणारा माणूस नेमके काय करतो, याच प्रश्नाभोवती विखुरलेली दृश्ये. १९१७ साली फाळके पडद्यावर येऊन चित्रपट कसा करतात हे दाखवत होते. एकावन्न वर्षांनी शास्त्री तोच आरसा पुन्हा उचलतात, पण यावेळी आरशाला तडे आहेत.

२५.
मणी कौल यांचा ‘अरायव्हल’ (१९८०) हा फिल्म्स डिव्हिजनचाच. मुंबईत रोज काय काय येऊन पोचते, हे तो पाहतो: फळे, भाजी, जनावरे, आणि अंगमेहनत विकायला आलेली माणसे. माल आणि माणूस एकाच नजरेने पाहिले जातात, आणि त्या नजरेतूनच अस्वस्थता निर्माण होते. कोणी काही समजावून सांगत नाही. फणसवाडीच्या नावाला या लघुपटात अनपेक्षित तळटीप सापडते. जिथे फळ पिकत होते, त्या शहरात ते आता बाहेरून येते.

२६.
सगळे प्रयोग सरकारच्या पैशावर झाले नाहीत. १९६९ साली चित्रकार अकबर पदमसी यांनी आपल्या नेहरू फेलोशिपची रक्कम वापरून ‘व्हिजन एक्स्चेंज वर्कशॉप’ सुरू केली. चित्रकार, छायाचित्रकार, सिनेमावाले तिथे एकत्र येत. तरुण नलिनी मलानी यांनी पहिले फिल्मप्रयोग तिथेच केले. पदमसींनी ‘सिझिजी’ केला, ज्यात रेषा आणि बिंदू यांखेरीज काही नाही. आणि ‘इव्हेंट्स इन अ क्लाउड चेंबर’ केला. त्याची एकच प्रत होती. ती दिल्लीला प्रदर्शनासाठी गेली आणि हरवली.

२७.
या धाग्याचा मुद्दा इथे आहे. ‘राजा हरिश्चंद्र’च्या चार रिळांपैकी पहिले आणि शेवटचे तेवढे आज पाहायला मिळते, आणि तेही १९१७च्या पुनर्चित्रणाचे असावे असे काही अभ्यासक मानतात. तरीही मधल्या रिळांत काय घडले, हे कोणतीही आजी सांगू शकते. राज्य गेले, तारामती विकली गेली, राजा स्मशानात उभा राहिला. कथापट हरवला तरी कथा उरते. तिला राहायला दुसरी घरे असतात. कथेविना चित्रपटाला घर एकच, त्याची फिल्म. ती गेली की सांगायला काहीच उरत नाही. ‘एक वाटाणा होता, तो वाढला’, एवढेच.

२८.
एवढेच सांगून लोकांचे समाधान झाले नाही, हेही तितकेच खरे. म्हणून ‘रोज एक चित्र’ आले. ज्या चित्रफितीत कथा नव्हती, तिच्याभोवती कथा रचली गेली, आणि ती इतकी सुबक निघाली की शंभर वर्षे कोणाला गुणाकार करावासा वाटला नाही. इतिहासाच्या अभ्यासकाने इथे सावध व्हावे. चित्रपट पाहायला मिळत नाही तेव्हा आपण त्याची गोष्ट पाहत असतो, आणि गोष्टीला तपशिलापेक्षा डौल प्रिय असतो.

२९.
पदमसींच्या हरवलेल्या लघुपटाचे पुढे काय झाले? जवळजवळ साडेचार दशकांनी दिग्दर्शक आशिम अहलुवालिया यांनी वृद्ध पदमसींसोबत बसून तो आठवणीतून पुन्हा घडवण्याचा प्रयत्न केला. २०१६च्या त्या चित्रपटाचे नावही तेच आहे. मूळ आकार आणि रंग नेमके कसे होते, हे विचारायला एकच माणूस होता, आणि त्याच्या आठवणीतही वय शिरलेले होते. २०२०च्या जानेवारीत पदमसी गेले. आता विचारायला कोणी नाही.

३०.
ज्यांना हा वारसा प्रत्यक्ष पाहायचा आहे, त्यांनी पेडर रोडला फिल्म्स डिव्हिजनच्या आवारात जावे. तिथल्या गुलशन महल या जुन्या वास्तूत आणि शेजारच्या नव्या इमारतीत २०१९ पासून भारतीय चित्रपटाचे राष्ट्रीय संग्रहालय आहे. पती, शास्त्री, हुसेन यांचे लघुपट पाच-पंधरा मिनिटांचे असतात. एका संध्याकाळी अनेक पाहून होतात. पहिल्यांदा पाहताना ‘यात काय सांगायचे आहे’ हा प्रश्न बाजूला ठेवावा. सावे दादांच्या कुस्तीला तो कोणी विचारला नव्हता.

३१.
आणि ज्यांना करून पाहायचे आहे, त्यांच्यासाठी हिशेब असा. मूठभर माती, वाटाण्याचा एक दाणा, शेजारी काडी. गॅलरीत जिथे ऊन थेट येत नाही, तिथे फोन पक्का बांधावा. दर तासाला एक चित्र धरले तर रोज चोवीस, तीस दिवसांत ७२०. रात्रीच्या चित्रांसाठी एक छोटा दिवा सतत चालू ठेवावा. सेकंदाला चोवीस चित्रे या वेगाने अर्ध्या मिनिटाचा लघुपट होतो. फाळक्यांना तिथवर पोचण्यासाठी दहा हजारांचे कर्ज, लंडनची वारी आणि डोळ्यांचे दुखणे सोसावे लागले होते. तयार झालेल्या फाइलची मात्र दुसऱ्या ठिकाणी एक प्रत ठेवावी.